रणभूमीची साक्ष आणि खर्ड्याची लढाई

परीक्षणाचा ग्रंथ : 'आर्किऑलॉजिकल पर्स्पेक्टिव्ह्ज ऑन द बॅटल ऑफ द लिटल बिगहॉर्न'. कर्ते डग्लस स्कॉट, रिचर्ड फॉक्स, मेलिसा कॉनर व डिक हार्मन. प्रकाशक ओक्लाहोमा विद्यापीठ, इ. स. १९८९.

१

प्रस्तुत ग्रंथाचा विषय अमेरिकेंतील एक लढाई हा असून मराठ्यांच्या इतिहासाशीं त्याचा प्रत्यक्ष संबंध नाहीं. तो प्रसिद्ध होऊनहि पुष्कळ वर्षें लोटलीं आहेत. असें असतां या पत्रांतून त्याचें परीक्षण कशासाठीं, असा प्रश्न वाचकांच्या मनांत येईल. म्हणून त्याचें उत्तर आरंभींच देणें बरें. आमचें राहणें भूम येथें. तेथून वायव्येस एका मजलेवर खर्डा आहे. ता. ११ मार्च १७९५ रोजीं पेशव्यांच्या व निजामाच्या फौजांची जी गांठ पडली ती याच मुलखांत. तेव्हां हा प्रांत दोन्ही दौलतींच्या सरहद्दीचा होता. पुढें इंग्रजी अमदानींतहि खर्डा नगर जिल्ह्यांत व भूम निजामाच्या राज्यांत अशीच वांटणी राहिली. या बाजूस नांगराला लागलेली शिशाची गोळी किंवा गंजलेला लोखंडी तुकडा 'खर्ड्याच्या लढाईंतला' म्हणून कोणी आणून देतो, आणि आमच्यासारखे संग्राहक तो हौसेनें ठेवून घेतात. अशा तुकड्यांस कागदाइतकीच, कधीं कधीं त्याहून अधिक, वाचा फुटूं शकते. पण ती फुटण्याची वाट आपणच आपल्या हातानें बंद करीत आलों आहों, ही गोष्ट आम्हांस या ग्रंथानें शिकविली. एवढ्यासाठीं हें परीक्षण.

२

लढाईचा वृत्तांत थोडक्यांत असा. ता. २५ जून १८७६ रोजीं माँटाना प्रांतांत लिटल बिगहॉर्न नदीकांठीं सू व चेयेन या मूळच्या रहिवाशांच्या मोठ्या वस्तीवर जॉर्ज कस्टर या सरदारानें सातव्या रिसाल्यासह चाल केली. त्यानें आपल्या फौजेचे भाग पाडले होते. खुद्द त्याच्याबरोबर जी सुमारें दोनशें दहा माणसें होतीं त्यांतील एकहि जिवंत परतलें नाहीं. पराभूत पक्षाचा बोलका साक्षीदार उरला नाहीं, आणि विजयी पक्षाच्या साक्षीदारांवर विश्वास ठेवण्याची सरकारची व लेखकांची तयारी नव्हती. यामुळें शंभर वर्षें चित्रकार व कादंबरीकार यांनीं टेंकडीवर अखेरपर्यंत झुंजणाऱ्या वीराचें एक चित्र रंगविलें व तेंच इतिहास म्हणून चाललें.

१९८३ च्या ऑगस्टांत तेथील गवतास वणवा लागून जमीन उघडी पडली. या संधीचा उपयोग करून ग्रंथकर्त्यांनीं १९८४ व १९८५ या दोन सालीं त्या भूमीची पद्धतशीर पाहणी केली. धातुशोधक यंत्रें घेतलेल्या माणसांची एक ओळ ठराविक अंतर राखून चाले, आणि यंत्र वाजलें कीं त्या जागीं निशाण रोंवी. मागची टोळी वस्तु उकरी, पण हलवीत नसे. तिच्या मागची टोळी त्या वस्तूचें स्थान, खोली व दिशा मोजून नकाशावर मांडी, आणि मगच ती उचलली जाई. अशा हजारों वस्तू जमल्या. ग्रंथाचें सारें बळ या शिस्तींत आहे. यंत्र कोणासहि विकत मिळतें. शिस्त मिळत नाहीं.

पुढचा भाग न्यायसाहाय्यक विज्ञानाचा आहे. बंदुकीची टोंचणी काडतुसाच्या बुडावर आपटली म्हणजे तिची खूण उठते, आणि ही खूण प्रत्येक बंदुकीची निराळी असते. नळीच्या आंतील मळसूत्री चरांचे ओरखडेहि गोळीवर तसेच उमटतात. सूक्ष्मदर्शक यंत्राखालीं अशा खुणा शेजारीं शेजारीं ठेवून ताडण्याची विद्या १९२० नंतरच्या दशकांत फौजदारी न्यायालयांत रूढ झाली. ग्रंथकर्त्यांनीं तीच एका शतकापूर्वींच्या काडतुसांस लावली. एकाच बंदुकीचीं दोन काडतुसें दोन ठिकाणीं मिळालीं, तर ती बंदूक त्या दोन्ही ठिकाणीं होती हें सिद्ध झालें. अशा शेंकडों जोड्या लावून कोणतीं शस्त्रें कोठून कोठें फिरलीं याचा नकाशा त्यांनीं तयार केला. आमच्या परिचयाची उपमा द्यावयाची तर हें हस्ताक्षरावरून कारकून ओळखण्यासारखें आहे. निनांवी मोडी पत्र कोणत्या दप्तरांतील कोणत्या लेखकाच्या हातचें हें वळणावरून सांगणारे जाणते आपल्यांत आहेतच. येथें तेंच काम बंदुकीच्या वळणावरून झालें आहे.

३

या तपासाचीं फळें तीन आहेत. पहिलें, विजयी पक्षापाशीं एकामागून एक गोळ्या झाडणाऱ्या हेन्री व विंचेस्टर जातीच्या बंदुका मोठ्या संख्येनें होत्या. उलट सरकारी रिसाल्याजवळ एकबारी स्प्रिंगफील्ड कार्बाइन होती. दुसरें, काडतूस नळींत अडकून कार्बाइनी निकामी झाल्या म्हणून घात झाला, ही पराभूत पक्षाची जुनी सबब टिकत नाहीं. सुरीच्या टोंकानें उकरून काढल्याच्या खुणा अगदीं थोड्या काडतुसांवर आढळल्या. तिसरें, मूळ रहिवाशांनीं सांगितलेल्या हकीकती, ज्यांस परस्परविरोधी म्हणून बाजूस टाकण्यांत आलें होतें, त्यांचा पुष्कळ भाग जमिनींतील वस्तूंच्या मांडणीशीं जुळला. यांशिवाय अस्थींची तपासणी आहे. चेहऱ्याच्या हाडांचे जे भाग मिळाले ते उपलब्ध छायाचित्राशीं पडताळून मिच बूयर या वाटाड्याची ओळख पटविण्यांत आली. तसेंच, १८९० सालीं मृतांच्या जागा म्हणून बसविलेले दगड सुमारें अडीचशें, आणि माणसें दोनशें दहा, या विसंगतीचाहि उलगडा झाला. जोडीनें बसविलेल्या दगडांपैकीं बऱ्याच ठिकाणीं एकाच देहाच्या खुणा सांपडल्या.

एवढें गुणग्रहण केल्यावर दोषांकडे वळणें प्राप्त आहे. पहिला दोष अनुमानाचा आहे. दोन जागीं एकाच बंदुकीचीं काडतुसें मिळालीं म्हणजे ती बंदूक दोन्ही जागीं होती इतकेंच ठरतें. आधीं कोठें व नंतर कोठें हें काडतूस सांगत नाहीं. तो क्रम ग्रंथकर्ते लेखी व तोंडी साक्षींवरून घेतात. मग त्या क्रमास 'जमिनीचा पुरावा' म्हणणें योग्य नव्हे. पुराव्याचे दोन निराळे रुमाल एकांत बांधले कीं कोणत्या कागदाचा भार कोणी वाहिला तें कळेनासें होतें. दुसरा दोष अभावावरून काढलेल्या सिद्धांतांचा. चौघांपैकीं फॉक्स यांनीं पुढें १९९३ सालच्या स्वतंत्र ग्रंथांत असें प्रतिपादिलें, कीं अखेरची झुंज म्हणून जी प्रसिद्ध आहे ती झालीच नाहीं, शिस्त मोडून फौज विसकटली. आणि त्याचें एक कारण त्या टेंकडीवर कार्बाइनीचीं काडतुसें थोडीं मिळालीं हें आहे. परंतु तीच टेंकडी यात्रेकरूंनीं शंभर वर्षें वेंचलेली! जेथें सर्वांत अधिक हात फिरले तेथें सर्वांत कमी वस्तू मिळाल्या, यांत नवल कसलें? हा सिद्धांत इतर प्रमाणांवरून खरा असेलहि. पण या एका प्रमाणावर तो उभा राहत नाहीं. तिसरी उणीव अशी कीं, पाहणी मुख्यतः सरकारनें राखलेल्या हद्दींत झाली. लढाई कुंपण पाहून लढली जात नाहीं.

हे दोष दाखविले तरी एक गोष्ट मान्य केलीच पाहिजे. ग्रंथकर्त्यांनीं प्रत्येक वस्तूचें स्थान छापून दिलें असल्यामुळेंच आम्हांस त्यांच्याशीं वाद घालतां येतो. राजवाडे यांनीं अस्सल पत्रांचे खंड छापण्यास १८९८ सालीं आरंभ केला व पहिल्याच प्रस्तावनेंत बखरींवर कडक टीका केली. तेव्हांपासून 'मूळ साधन पुढें ठेवा' ही आपल्या संशोधनाची पहिली अट झाली. ती अट या चौघांनीं पाळली आहे.

४

आतां ही रीत खर्ड्यास कितपत लागूं पडेल याचा विचार करूं. खर्ड्याचीं लेखी साधनें विपुल आहेत. पटवर्धनांकडील पत्रें खरेशास्त्री यांनीं ऐतिहासिक लेखसंग्रहांत छापलीं. निजामाच्या दरबारीं असलेले वकील गोविंदराव काळे यांचा पत्रव्यवहार प्रसिद्ध आहे. निजामाच्या स्वारीबरोबर इंग्रजांचा रेसिडेंट विल्यम कर्कपॅट्रिक होता. पुणें रेसिडेन्सीच्या कागदांचा जो खंड दिघे यांनीं मराठे व निजाम यांच्या संबंधांविषयीं संपादिला, त्यांत इंग्रजी बाजूची माहिती आहे. अनंत फंदीनें या विजयाचा पोवाडा रचला. आणि ग्रँट डफ यानें १८२६ सालच्या आपल्या इतिहासांत लढाईचें सविस्तर वर्णन केलें. पुढील पुष्कळ लेखक त्याच वर्णनाच्या आधारानें चालले आहेत.

त्या वर्णनाचा सारांश असा. निजामअल्ली मोहरीच्या घाटानें खालीं उतरत असतां बाबा फडके यांनीं त्याच्या पिछाडीवर हल्ला केला, तो फसला. दुसऱ्या दिवशीं निजामाची फौज खर्ड्याकडून परांड्याच्या रोखानें निघाली असतां मराठ्यांशीं गांठ पडली. टेहळणीस पुढें गेलेले सेनापति परशुरामभाऊ पटवर्धन यांस लालखान पठाणानें जखमी केलें. हरिपंत पटवर्धन यांनीं लालखानास ठार केलें. पठाणांच्या रेट्यापुढें मराठ्यांची आघाडी हटली. इतक्यांत नागपूरकर रघूजी भोसल्यांच्या बाणांचा वर्षाव आणि शिंद्यांच्या कंपूच्या पेरॉननें उंचवट्यावर लाविलेल्या पसतीस तोफांचा मारा एकाच वेळीं सुरू झाला, व निजामाचे स्वार उधळले. रेमंडचीं पलटणें मात्र पेरॉनच्या पलटणांसमोर उभीं होतीं; त्यांस निजामानें आपल्या मागें येण्याचा हुकूम केला. रात्रीं मराठ्यांची एक लहान टोळी घोड्यांस पाणी पाजण्यासाठीं ओढ्यावर आली असतां निजामाच्या लोकांनीं तिच्यावर गोळी झाडली; तो आवाज ऐकून भरलेल्या बंदुका उशाशीं घेऊन निजलेली रेमंडची सारी ओळ दचकून उठली व तिनें अंधारांतच फैर झाडली. त्यानें छावणींत एकच गोंधळ उडाला, आणि निजामअल्ली खर्ड्याच्या किल्ल्यांत शिरला. तेथें कोंडी होऊन अखेर तहाची याचना करावी लागली. दौलताबादचा किल्ला, परांड्यापासून तापीपर्यंतचा सरहद्दीचा मुलूख, तीन कोटि रुपये आणि दिवाण मुशीरुल्मुल्क याची जातीनें सुपूर्दगी, असा तहाचा भार होता. एवढ्या मोठ्या घडामोडीस कारण झालेल्या लढाईंत मेलीं किती, तर डफच्या मतें सुमारें दोनशें असामी. कोंडींत निजामाकडील लोक अधिक खर्चीं पडले.

यांतून तीन वाद निघतात, आणि ते केवळ पंडितांचे नव्हेत. मराठशाहीचा शेवटचा मोठा एकत्रित विजय म्हणून ज्या लढाईचा गौरव होतो ती खरोखर शौर्यानें जिंकली कीं शत्रूच्या घबराटीनें, हा पहिला. ती पेरॉनच्या कवायती तोफांनीं जिंकली कीं भोसल्यांच्या देशी बाणांनीं, हा दुसरा. आणि मनुष्यहानि खरोखरच इतकी अल्प होती कीं काय, हा तिसरा. कागदांवरून हे वाद मिटलेले नाहींत, कारण कागद लिहिणारा प्रत्येकजण कोणत्या तरी बाजूचा होता.

५

लिटल बिगहॉर्न येथील मुख्य साधन खर्ड्यास मुळींच उपलब्ध नाहीं, हें आधीं स्पष्ट केलें पाहिजे. १७९५ च्या बंदुका ठासणीच्या. त्यांस धातूचें काडतूस नाहीं व टोंचणीहि नाहीं. नळी बहुधा सपाट, म्हणून मळसूत्री ओरखडा नाहीं. एकेक बंदूक ओळखण्याची आशा येथें सोडून दिली पाहिजे. अमेरिकन ग्रंथ वाचून 'आतां खर्ड्याचेंहि रहस्य उलगडेल' असें जे म्हणतील त्यांनीं हा भेद लक्षांत घेतलेला नाहीं.

मात्र दुसरी एक वाट आहे. न्यू जर्सींतील मॉनमथ येथें १७७८ सालीं झालेल्या लढाईच्या मैदानावर डॅन सिव्हिलिच यांनीं ठासणीच्या बंदुकांच्या गोळ्यांचाच अभ्यास केला आहे. आपटून चपटलेल्या गोळीचा व्यास मोजतां येत नाहीं; परंतु चपटली तरी तिचें वजन बहुधा कायम राहतें, आणि वजनाच्या घनमूळावरून मूळचा व्यास काढतां येतो. हा हिशोब आपल्या तोळ्यांत मांडला तर असा येतो : इंग्रजी लष्करी बंदुकीची गोळी सुमारें अडीच तोळ्यांची, आणि फ्रेंच लष्करी बंदुकीची दोन तोळ्यांस किंचित् कमी. सोनाराच्या कांट्यावर सहज कळणारा हा फरक आहे. शिंद्यांच्या कंपूच्या बंदुका डी बॉयनच्या वेळीं आग्र्याच्या कारखान्यांत होत. रेमंडचे तोफांचे कारखाने हैदराबादेस होते. दोन्ही बाजूंच्या पलटणांच्या गोळ्यांत वजनाचा सातत्यानें भेद आढळला, तर कोणती गोळी कोणाची याचा अंदाज बांधतां येईल. पण दोन्ही पक्ष युरोपियन व्यापाऱ्यांकडून मिळतील त्या बंदुकाहि घेत, आणि तोड्याच्या देशी बंदुकांस माप असें नव्हतेंच. म्हणून हा भेद आढळेलच अशी हमी नाहीं.

गोळीचें रूपहि बोलतें. झाडलेली गोळी नळीला घासून तिच्या कमरेवर पट्टा उठतो. गजानें ठासल्याची खूणहि कधीं दिसते. न झाडतां हातून पडलेली गोळी सांच्यांतून निघाली तशीच, शिवणीसकट राहते. यांतील शेवटची गोष्ट महत्त्वाची आहे. काडतूस जसें झाडणाऱ्याची जागा दाखवितें, तशी न झाडलेली गोळी शिपायाची जागा दाखविते. कारण घाईंत भरतांना ती पायाशीं पडलेली असते.

आतां पहिला वाद पाहूं. रात्रीच्या घबराटीची डफची हकीकत खरी असेल, तर तिची छाप जमिनींत ठराविक स्वरूपाचीच पडली पाहिजे. एका ओढ्याजवळ, दिवसाच्या लढाईच्या जागेपासून वेगळी, न झाडलेल्या गोळ्यांची एक लांब ओळ. तिच्यापुढें कांहीं शें पावलांवर त्याच वजनाच्या झाडलेल्या गोळ्या, लक्ष्याशिवाय सोडल्यामुळें नुसत्या मातींत शिरलेल्या, म्हणून फारशा न चपटलेल्या. आणि समोरून आलेली गोळी जवळ जवळ एकहि नाहीं. याच्या उलट त्या ओळींतच समोरून आलेल्या निराळ्या वजनाच्या चपट्या गोळ्या मिळाल्या, तर रात्रीं नुसती घबराट नव्हे, चकमक झाली असें म्हणावें लागेल, आणि निजामाच्या पळाची गोष्ट दुरुस्त करावी लागेल. डफची हकीकत खोटी ठरण्याची वाट आहे, म्हणूनच ती तपासण्याजोगी आहे. बखरींतील पुष्कळ कथांस हें भाग्य नाहीं.

दुसऱ्या वादासंबंधीं आशा मध्यम आहे. तोफेचे गोळे लढाईनंतर वेंचून पुन्हां वापरीत, आणि उरलेले लोहारानें विळे-कोयत्यांत जिरविले. त्यामुळें गोळ्यांची आजची संख्या माऱ्याचें माप होऊं शकत नाहीं. बाणांचें तसें नाहीं. बाणाची लोखंडी नळी फुटून वेडीवांकडी होते, ती पुन्हां वापरण्याजोगी राहत नाहीं, आणि गंजली तरी ओळखूं येते. कर्नाटकांत शिमोगा जिल्ह्यांतील नगर येथें एका कोरड्या विहिरींत २०१८ सालीं टिपूच्या काळचे हजारावर बाण सांपडले. त्यांवरून अशा नळ्यांचा आकार व बांधणी आतां चांगली माहीत झाली आहे. खर्ड्याच्या रानांत तसे तुकडे कोठें दाट व कोठें विरळ हें कळलें, तर पठाणांचे स्वार कोणत्या जागीं उधळले तें ठरेल, आणि ती जागा पेरॉनच्या उंचवट्यावरून तोफेच्या टप्प्यांत होती कीं नाहीं हेंहि मोजतां येईल.

तिसऱ्या वादांत ही रीत बहुधा अपयशी ठरेल, आणि तें स्पष्ट सांगणें आम्ही आपलें कर्तव्य समजतों. माँटानांत मृतांस जागच्या जागीं पुरलें होतें. येथें एका पक्षानें आपल्या मृतांस बहुतेक अग्नि दिला व दुसऱ्यानें बहुतेक दफन केलें. म्हणजे जमिनींत जीं हाडें मिळतील तीं मुख्यतः एकाच बाजूचीं असणार. त्यांची मोजदाद करून दोन्ही पक्षांच्या हानीचें प्रमाण काढणें म्हणजे अर्धें दप्तर जळाल्यावर उरलेल्या अर्ध्यावरून जमाखर्च बांधणें होय. शिवाय ज्या कबरींची देखभाल होते, जेथें दिवा लागतो, तेथें कुदळ लावण्याचा अधिकार कोणत्याहि शास्त्रास नाहीं, असें आमचें मत आहे.

अस्थींच्या बाबतींत आपल्या देशांतील एक उदाहरण बोधप्रद आहे. पंजाबांत अमृतसर जिल्ह्यांत अजनाला येथें १८५७ सालीं ठार केलेल्या देशी शिपायांस एका विहिरींत टाकल्याचें इंग्रजी अधिकाऱ्यानेंच लिहून ठेविलें होतें. २०१४ सालीं ती विहीर उकरण्यांत आली. हे अवशेष १८५७ चे नसून फाळणीच्या वेळचे असावेत, असाहि एक पक्ष होता. २०२२ सालीं प्रसिद्ध झालेल्या संशोधनांत पन्नास नमुन्यांची आनुवंशिक व पंचाऐशीं नमुन्यांची रासायनिक तपासणी होऊन मृत हे गंगेच्या खोऱ्यांतील रहिवासी असल्याचें दिसून आलें. म्हणजे बंगाल पायदळाच्या सव्विसाव्या पलटणीविषयींचा जुना लेख बळकट झाला. शास्त्राचा हा विजय खराच. परंतु खोदकाम तज्ज्ञांच्या देखरेखीशिवाय उत्साही मंडळींनीं केलें, त्यामुळें कोणतें हाड कोणत्या थरांत, कशाच्या शेजारीं होतें हें कायमचें गेलें. दातांनीं आपला प्रांत सांगितला; विहिरींत काय घडलें तें सांगण्याची सोय मात्र उरली नाहीं.

६

खर्ड्याच्या वाटेंतील अडचणीहि सांगितल्या पाहिजेत. या बाजूची काळी जमीन उन्हाळ्यांत भेगाळते व पावसांत फुगून मिटते. वरची वस्तु भेगेंतून खालीं जाते, खालची कधीं वर येते. म्हणून खोलीवरून काळ ठरवितां येणार नाहीं. आडवें स्थान मात्र नांगरानेंहि फार दूर जात नाहीं, असा इतरत्रचा अनुभव आहे. दुसरी अडचण मिसळीची. हा मुलूख एकाच लढाईचा नव्हे. १६३४ सालीं शहाजादा शुजा व महाबतखान यांनीं परांड्यास वेढा घातला होता. त्याच्या मागें पुढें किती फौजा या वाटेनें गेल्या. शिकाऱ्यांचें शिसेंहि याच रानांत पडलेलें आहे. प्रत्येक गोळी खर्ड्याचीच हा आग्रह बखरकाराचा झाला, संशोधकाचा नव्हे.

परंतु सर्वांत मोठी अडचण काळी जमीन नसून आपण आहों. मोडी कागदांच्या बाबतींत हा धडा आपण फार किंमत देऊन शिकलों. रुमालांतून सुटलेलें पत्र, ज्याचा मायना फाटला आहे, जें कोणत्या घराण्याच्या दप्तरांतलें हें विकणाऱ्यानें सांगितलें नाहीं, त्याचें मोल निम्म्यानें उतरतें हें आपणांपैकीं प्रत्येकास ठाऊक आहे. शेतांतून उचललेल्या गोळीचें तर सर्वच मोल उतरतें. कारण पत्रास निदान मजकूर असतो, गोळीचा मजकूर म्हणजे तिची जागा. ती उचलली कीं मजकूर पुसला.

आमच्याच घरीं एका डबींत अशा कांहीं गोळ्या आहेत. त्या आम्हीं तरुणपणीं, कांहीं विकत व कांहीं भेट म्हणून, मिळविल्या. हा ग्रंथ वाचल्यावर त्या सोनाराकडे नेऊन तोलून घेतल्या. आलेलीं वजनें येथें छापण्याचा मोह झाला होता. पण तीं छापीत नाहीं. कोणती गोळी कोणत्या शिवारांतली हें आम्हीं त्या वेळीं विचारलें नाहीं, आणि ज्यांनीं दिली त्यांतले बहुतेक आतां हयात नाहींत. त्या वजनांवरून एखादा हुशार लेखक खर्ड्याची सारी लढाई उभी करील, आणि त्यास आधार आम्ही पुरविलेला असेल. असा आधार देण्यापेक्षां न दिलेला बरा.

म्हणून वाचकांस आमची विनंति सूचनांच्या रूपानें अशी. पाहणी तज्ज्ञांनीं, सरकारी पुरातत्त्व खात्याच्या परवानगीनें व शेतकऱ्याच्या संमतीनेंच झाली पाहिजे; यंत्र घेऊन हौसेखातर रानांत फिरणें हें उपकाराच्या नांवाखालीं अपकार करणें आहे. १८७८ च्या कायद्यान्वयें जमिनींत सांपडलेला दहा रुपयांवरील किंमतीचा ठेवा कलेक्टरास कळविणें भाग आहे, आणि शंभर वर्षांवरील जुन्या वस्तूंच्या व्यापारावर १९७२ च्या कायद्याचें नियंत्रण आहे, हेंहि विसरूं नये. पण नांगरतांना आपोआप वर आलेली वस्तु कोणी आणून दिली, तर चार गोष्टी त्याच दिवशीं टिपून ठेवाव्या : गांव, शेताचें नांव व गट क्रमांक, ओढा किंवा बांध यांपासूनचें अंतर, आणि न घांसतां न धुतां घेतलेलें वजन. शिशावरील पांढरी पुटी खरवडूं नये. पट्ट्याची व गजाची खूण तिच्याखालींच असते. ज्यांच्या संग्रहीं अशा वस्तू आधींच आहेत त्यांनीं त्या कोणाकडून कधीं आल्या एवढें तरी लिहून ठेवावें, व ठिकाण माहीत नसल्यास 'ठिकाण अज्ञात' असें स्पष्ट लिहावें. त्या दोन शब्दांनीं पुढच्या संशोधकाची मोठी फसगत टळेल.

आणि एक काम असें आहे कीं तें यंत्राशिवाय व परवानगीशिवाय, आपल्याच विद्येनें होण्याजोगें आहे. खर्डा, परांडा व भूम या टापूंतील जुनीं जमीनझाड्याचीं कागदपत्रें, शेतांचीं व माळांचीं नांवें, ओढ्यांचे जुने प्रवाह यांची जुळणी अजून झालेली नाहीं. डफचा तो ओढा कोणता, पेरॉनचा उंचवटा कोणता, हें नकाशावर ठरल्याखेरीज पाहणीची ओळ कोठून चालवावयाची हेंच कळणार नाहीं. माँटानांत वणव्यानें जमीन उघडी केली. येथें तें काम मोडी वाचणाऱ्यांस करावें लागेल. सरहद्दीच्या दोन्ही बाजूंचीं दप्तरें वेगवेगळ्या राज्यांत राहिलीं, म्हणून हें काम इतके दिवस कोणाचेंच झालें नाहीं. आतां ती सरहद्द उरलेली नाहीं. जुळणी न करण्यास सबबहि उरलेली नाहीं.

ग्रंथाविषयीं अखेरचें मत थोडक्यांत असें : त्याचे सिद्धांत जपून घ्यावे, पण त्याची टिपणांची रीत संपूर्ण उचलावी. भूम, परांडा व खर्डा भागांतील ज्या वाचकांपाशीं वरील प्रकारचीं टिपणें किंवा जमीनझाड्याचे कागद असतील, त्यांनीं त्यांच्या नकला या त्रैमासिकाकडे धाडाव्या. वस्तू धाडूं नयेत. त्या जेथें आहेत तेथेंच नीट असूं द्याव्या.